ओया-सानांचं रुळांवरचं युद्ध

आमचे कावासाकीचे घरमालक मालगाडीला वाकून नमस्कार करत. फक्त मालगाडीला. रेल्वे फाटकापलीकडून माणसांनी भरलेली गाडी गेली तर ते तिच्याकडे बघतसुद्धा नसत, रुमाल काढून निवांत चष्मा पुसत. पण मालगाडीचं इंजिन दिसलं की टोपी काखेत आणि कमरेतून खाली, ते थेट शेवटचा डबा जाईपर्यंत. आणि जपानातल्या मालगाड्या काही आखूड नसतात. माझ्या दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या, शेजारी घरमालक असे घडी घातलेले, आणि मागे सायकलवाल्यांची रांग. शेवटी एकदा मी विचारलंच, "माणसांच्या गाडीने तुमचं काय घोडं मारलंय?"

ते म्हणाले, "माणूस आपला आपण चढतो, आपला आपण उतरतो. तांदळाला कुणीतरी चढवावं लागतं."

जपानीत घरमालकाला ओया-सान म्हणतात. त्यातला 'ओ' लांबवायचा असतो. आखूड ठेवला तर त्याचा अर्थ होतो आई-बाप. हे मला कळेपर्यंत मी त्यांना भर रस्त्यात "अहो मायबाप!" अशा हाका मारत होते आणि ते प्रत्येक हाकेला गंभीरपणे ओ देत होते. अजूनही मी तो 'ओ' आखूडच ठेवते. आता कोण मला सुधारणार! नात सुधारते, पण ती जपानीत सुधारते, त्यामुळे मला ऐकू न आल्याचं सोंग करता येतं.

आता मी हिगाशी-कसाईला, आपल्या लोकांच्या वस्तीत, मुलाकडे असते. इथे खाली उतरलं की कढीपत्ता मिळतो आणि लिफ्टमध्ये दोन मजल्यांच्या आत कुणीतरी "काकू, बरं आहे ना?" म्हणतं. वीस-बावीस वर्षांपूर्वी आम्ही कावासाकीत राहायला आलो तेव्हा असं नव्हतं. ह्यांची कंपनीने तीन वर्षांसाठी बदली केली होती, मुलगा निखिल दहा वर्षांचा होता, आणि मी चाळिशीच्या जरा अलीकडे होते. तेव्हा माझ्याकडे शहाणपण इतकं होतं की ते ठेवायला कावासाकीची घरं लहान पडत.

त्या शहाणपणातला सर्वांत मोठा नग म्हणजे मी सगळ्यांना पुण्याची म्हणून सांगत असे. नुसत्या पुण्याची नाही, डेक्कनची. डेक्कनला माझी मावशी राहायची आणि तिच्याकडे राहून मी कॉलेज केलं होतं, एवढ्या भांडवलावर. जन्म, शाळा, पाढे, गोवर, सगळं मिरजेचं. स्टेशनसमोर माझ्या वडिलांची खानावळ होती. मोठं पातेलं घासायला लागलं तर मी आत उभं राहून घासलेलं आहे. पण परदेशात आलेल्या साहेबाच्या बायकोने पातेल्यात उभं राहिलेलं कसं चालेल? म्हणून डेक्कन.

तर घराचा करार करायला आम्ही एजंटच्या ऑफिसात बसलो होतो. ओया-सान माझ्या पासपोर्टची प्रत वाचत होते. सत्तरीकडे झुकलेले, किडकिडीत, डोक्यावर रेल्वेच्या गार्डासारखी टोपी. जन्मस्थानापाशी त्यांचं बोट थांबलं.

"मिराजु?"

"स्मॉल प्लेस," मी घाईघाईने म्हटलं. "नियर पुणे."

ते तीन बोटं वर करून उभे राहिले. "मिराजु! ब्रॉडो गेजु, मीटरु गेजु, नॅरो गेजु. ऑल सुरी! वन स्टेशन!"

आणि वाकले. ओया-सान वाकले म्हणून एजंट वाकला, एजंट वाकला म्हणून आमचे हे वाकले, आणि एकटीने ताठ बसणं बरं दिसेना म्हणून मीही वाकले. मिरजेपुढे एका वेळी इतके लोक त्याआधी कधी वाकले असतील असं मला वाटत नाही.

ज्यांनी मिरज पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी सांगते. माझ्या लहानपणी आमच्या स्टेशनात तीन रुंदीचे रूळ होते. पुण्याकडून यायची ती मोठी गाडी, कर्नाटकात जायची ती मधली, आणि लातूरकडे जायची ती खेळण्यातल्यासारखी छोटी. एकीचे डबे दुसरीच्या रुळांवर चालणं शक्य नाही. त्यामुळे माणसांनी उतरायचं, फलाट बदलायचा आणि पुढची गाडी लागेपर्यंत ताटकळायचं. मालाचं तर विचारूच नका. एका वाघिणीतून, म्हणजे मालडब्यातून, हमालांच्या पाठीवर आणि पाठीवरून दुसऱ्या वाघिणीत. गूळ, हळद, सिमेंट, सगळंच.

"मग गाडी बदलेपर्यंत लोक काय करत?" ओया-सानांनी विचारलं. एजंट घड्याळ बघत होता.

"जेवत," मी म्हणाले. आणि पुढचं तोंडातून निसटलंच, "आमच्याकडे."

त्यांनी असं काही माझ्याकडे पाहिलं, जणू खजिन्याच्या गुहेच्या दारात त्यांना पहारेकऱ्याची मुलगी भेटली होती. सही-शिक्का राहिला बाजूला. त्याच दिवशी ते आम्हाला वरच्या मजल्यावर त्यांची खोली दाखवायला घेऊन गेले.

सहा ताटामीची, म्हणजे सहा चटया मावतील एवढी ती खोली. तिच्यात पाय ठेवायला जागा नव्हती, कारण तिथे अमेरिका होती. एकोणिसाव्या शतकातलं तिथलं यादवी युद्ध, उत्तर विरुद्ध दक्षिण. लाकडी पूल, पुठ्ठ्याचे डोंगर, काडेपेट्यांची गावं, आणि सगळीकडे रूळ. सैनिक मात्र एकही नाही. "युद्धात सैनिक कुठेत?" असं माझ्या निखिलने विचारलं, तर ओया-सान म्हणाले, "सैनिक लढतात ते शेवटी. आधी पिठाची पोती लढतात."

त्यांचं म्हणणं एवढंच होतं, आणि ते आयुष्यभर एवढंच म्हणत राहिले. त्या युद्धाचा अर्धा निकाल रुळांवर लागला होता. उत्तरेकडे रूळ जास्त, कारखाने जास्त, आणि रेल्वे मोडली की रात्रंदिवस खपून ती जोडणारी माणसं पगारावर ठेवलेली. दक्षिणेकडे जितक्या रेल्वे कंपन्या तितक्या तऱ्हा. हिचे रूळ एका रुंदीचे, तिचे दुसऱ्या. एकाच गावात दोन कंपन्यांची दोन स्टेशनं, आणि मधला रस्ता मोकळा. आघाडीवर सैन्य उपाशी, आणि त्यांचं धान्य गावाच्या एका टोकाला उतरवून खेचरांच्या गाड्यांवर लादून दुसऱ्या टोकाला चाललेलं.

"मग मध्ये रूळ का नाही टाकले?" मी विचारलं. शहाणीच ना मी.

"गाडीवाल्यांना नको होतं. हमालांना नको होतं. आणि सगळ्यात जास्त," ते माझ्याकडे बघून गोड हसले, "खानावळवाल्यांना नको होतं."

म्हणजे दक्षिण हरली त्याला माझे वडील जबाबदार.

मी एकदा त्यांना अडवायला म्हणून विचारलं होतं, "तुम्ही कुठल्या बाजूचे?" तेव्हा ते हसले नाहीत. म्हणाले, "दक्षिणेतले कितीतरी रूळ गुलामांनी घातलेत. दक्षिणेच्या मोडक्या रेल्वेची मला दया येते, पण तिची बाजू मी घेणार नाही. ते रूळ घालणारी माणसंच पुढे त्याच रुळांवरून चालत उत्तरेच्या सैन्याकडे गेली. रुळांचा तोच सगळ्यात चांगला उपयोग झाला." मी माझ्या शाळेत युद्धांच्या सनावळ्या घोकल्या होत्या. असं कुणी काही सांगितलं नव्हतं.

ओया-सान आयुष्यभर बिस्किटांच्या कारखान्यात माल रवाना करायच्या खात्यात साहेब होते. त्यांचं इंग्रजी सगळं त्या युद्धावरच्या जाडजूड पुस्तकांतून आलेलं. सकाळी आमचे हे ऑफिसला निघाले की खालून आवाज यायचा, "गुड मार्च, सर!" मी बाजारातून आले की, "मॅडम, इज युवर सप्लाय लाइन सेफ?" कचऱ्याच्या दिवशी ते इमारतीसमोर उभे राहत आणि आमच्या पिशव्या डब्यांत बसवत. जळणारा एकीकडे, बाटल्या दुसरीकडे. आणि कुणी चुकीच्या दिवशी चुकीचं आणलं, तर पिशवी परत द्यायचे. म्हणायचे, "रॉंग गेज!"

दिवाळीत मी त्यांच्याकडे फराळ घेऊन गेले. लाडू त्यांनी शिष्टाचार म्हणून खाल्ला. पण चकली हातात घेतली आणि उजेडाकडे धरून फिरवून फिरवून पाहिली. "हे तुम्हाला कुणी शिकवलं?"

"आईने."

"तुमची आई सैन्यात होती?"

मग कळलं. शत्रूचे रूळ नुसते उखडून उपयोग नसतो, ते तो पुन्हा टाकतो. म्हणून सैनिक रुळांखालच्या लाकडांचीच होळी पेटवत, त्यावर रूळ लाल होईपर्यंत तापवत आणि झाडाच्या बुंध्याला पिळून गुंडाळून ठेवत. ओया-सानांनी चकलीचा वेढा सरळ करायचा प्रयत्न केला. कट्कन मोडली. "सी?" ते आनंदाने म्हणाले. "कॅनॉट रिपेअर!" आणि दोन्ही तुकडे खाऊन टाकले. तेव्हापासून माझ्या चकल्या सैल पडल्या की आमचे हे म्हणतात, "या वर्षी शत्रूची रेल्वे चालू राहणार."

हे वेड लागलं कुठून, ते त्यांनी एकदाच सांगितलं. फाटकाशीच. त्यांच्या देशाचं युद्ध संपलं तेव्हा ते लहान होते. गावाला रताळी आणायला गेलेली आई उशिरापर्यंत आली नाही, कारण गाडीच नव्हती. ते आणि धाकटी बहीण स्टेशनाच्या पायऱ्यांवर बसून होते. "मग गाडी आली," ते म्हणाले. तेवढ्यात खरीच मालगाडी आली आणि ते वाकले.

एवढं सगळं ते मला सांगत, निखिलला सांगत, पोस्टमनला सांगत. एकाच माणसाला सांगता येत नसे. बायकोला. ओकु-सान, म्हणजे घरमालकीणबाई, ठेंगण्या, गोल, कमी बोलणाऱ्या. त्यांनी घरात नियम केला होता की जेवणाच्या टेबलावर 'अमेरिका' हा शब्द उच्चारायचा नाही. उच्चारला की त्या वाटी उचलून स्वयंपाकघरात निघून जात. "चाळीस वर्षं," ओया-सान मला म्हणाले, "तिने एकदाही शेवटपर्यंत ऐकलेलं नाही. बाकी कुणी ऐकलं नाही तरी चालेल."

हे ऐकून माझ्यातल्या शहाणीला स्वस्थ बसवेना.

तेव्हा आम्ही मराठी मंडळी एका समाजमंदिराचा हॉल भाड्याने घेऊन गणपतीतला एक रविवार साजरा करायचो. आणि गणपती म्हटलं की व्याख्यान आलंच. त्या वर्षी पुण्याहून यायचे वक्ते ऐन वेळी आजारी पडले. मंडळाचे अध्यक्ष, हेही पुण्याचे, अस्सल, माझ्यासारखे नकली नव्हे, हवालदिल होऊन फोन करत होते.

"मी वक्ता देते," मी म्हणाले.

"विषय?"

"यादवी युद्धातील रेल्वेचे स्थान."

"वहिनी, गणपतीत?"

"का? विघ्नांचाच विषय आहे."

"बोलणार कुठल्या भाषेत?"

"जपानीत. मी मराठीत सांगेन."

"तुम्ही?" अध्यक्षांच्या त्या एका 'तुम्ही'त माझ्या जपानीचं संपूर्ण परीक्षण होतं. मी जपानीच्या वर्गात दोन वर्षं जात होते. मला वाटायचं, मी जपान्यांपेक्षा शुद्ध बोलते.

खरं तर ओया-सानांना इंग्रजीत बोलायची हौस होती. पण त्यांनी जपानीचाच हट्ट धरला, कारण ओकु-सान येणार होत्या. त्यांना मी मोदकांचं आमंत्रण दिलं होतं. व्याख्यानाचा उल्लेख मी सोयीस्करपणे टाळला. "गोड आहे ना? मग येते," एवढंच त्या म्हणाल्या.

रविवारी हॉल गच्च भरला. मधे रुंद वाट सोडून दोन्हीकडे खुर्च्या. ती वाट मोकळी ठेवायची असा हॉलवाल्यांचा कडक नियम होता. ओकु-सान उजवीकडच्या शेवटच्या रांगेत, दारालगत जाऊन बसल्या. नवरा व्यासपीठावर चढतोय हे बघताच त्यांनी माझ्याकडे पाहिलं. ती नजर मी अजून विसरलेले नाही. पण उठल्या नाहीत. मोदक व्हायचे होते.

ओया-सानांनी सुरुवात केली आणि मी भाषांतर करू लागले.

"त्या युद्धात," मी खड्या आवाजात म्हणाले, "उत्तरेकडे पुष्कळ पत्रकार होते. दक्षिणेकडे पत्रकारांची फार टंचाई होती."

लोकांनी माना डोलावल्या.

"दक्षिणेच्या सैन्याने शत्रूचे पत्रकार पकडले. काहींना आग लावली, काही पुलावरून नदीत ढकलून दिले."

"अरे बाप रे!" पुढच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं. अध्यक्ष शेजारच्याला म्हणाले, "तेव्हाही हेच होतं बघा."

"काही जुने पत्रकार मात्र दुरुस्त करून पुन्हा वापरले."

इथे उजवीकडे बसलेली सगळी पोरं खो-खो हसत खुर्च्यांवरून खाली घसरायला लागली. जपानी शाळांत जाणारी पोरं ती, त्यांना ओया-सान थेट समजत होते. निखिल उभा राहून ओरडला, "आई, पत्रकार नाही! आगगाडी! आगगाडी!"

झालं होतं असं की किशा म्हणजे पत्रकार, हे मला वर्गात शिकवलं होतं. जुन्या लोकांच्या तोंडी किशा म्हणजे वाफेची आगगाडी, हे वर्गात कुणी शिकवलं नव्हतं, कारण वर्गात ओया-सान नव्हते.

हॉल हसत होता. ओया-सान ओळखीचं हसू ओठांवर ठेवून उभे होते, त्यांना वाटलं आपलं काहीतरी चुकलं. मागे ओकु-सानांनी पर्स उचलून मांडीवर घेतली. मी पाठ केलेले शब्द सोडून दिले आणि गेजपाशी आले. आता गेजला मराठीत काय म्हणायचं? माप? रुंदी? माझ्यासमोर सगळे कोरे चेहरे.

"अहो, मिरजेला नाही का!" मी एकदम म्हणाले. "मोठी गाडी, मधली गाडी, छोटी गाडी! पुण्याहून आलात की उतरायचं, वळकटी उचलायची, पूल चढायचा, हमालाशी भांडायचं, आणि पुढची गाडी लागेपर्यंत समोरच्या खानावळीत जेवायचं! ती खानावळ आमची. आमटी माझी आई करायची. तसंच तिथे होतं. फक्त सैन्याच्या जेवणाला समोर खानावळ नव्हती!"

एकदम सगळ्यांच्या डोक्यात उजेड पडला. मधल्या रांगेतले एक सांगलीकर गृहस्थ तर उठून टाळ्या वाजवायला लागले. "अहो, मी जेवलोय तिथे!"

अध्यक्ष मात्र म्हणाले, "पण वहिनी, तुम्ही तर डेक्कनच्या ना?"

"डेक्कनला बदलून गेले होते," मी म्हणाले. त्या दिवसापासून मी मिरजेचीच राहिले आहे, आणि आता तर इतकी मिरजेची आहे की नातीला कंटाळा येतो.

व्याख्यान मार्गाला लागलं, पण फार काळ टिकलं नाही. आतून मसालेभाताचा वास यायला लागला. मसालेभातापुढे कुठलं युद्ध टिकतं? लोक चुळबुळायला लागले, कुणी घड्याळं बघू लागलं, अध्यक्षांनी मला हाताने 'आवरा' अशी खूण केली. मी हळूच ओया-सानांना म्हणाले, "त्यांना भूक लागलीये."

त्यांचे डोळे चमकले. "भूक? सगळ्यांना? फार छान!"

त्यांनी अध्यक्षांना बोलावून विनंती केली की जेवणाचे डबे आत्ताच आणावेत, मात्र ते रेल्वेने येतील. डावीकडच्या खुर्च्या म्हणजे एक कंपनी, उजवीकडच्या म्हणजे दुसरी. स्वयंपाकघर डावीकडे. डबे हातोहात डावीकडून यायचे, मधल्या वाटेवर टेबल ठेवायचं, त्यावर उतरवायचे, तिथून उजवीकडच्यांनी उचलायचे. जागेवरून कुणी उठायचं नाही. टेबलावर मालबाबू म्हणून खुद्द अध्यक्ष. एवढं होईतो व्याख्यान चालूच राहील.

अध्यक्षांना जेवण लवकर येतंय एवढंच ऐकू आलं. ते हो म्हणाले.

आणि मग डावीकडे जे काही झालं ते बघण्यासारखं होतं.

"हा जरा तिकडे आमच्या सोनूकडे पाठवा हं, कमी तिखटाचा आहे."

"अहो, आधी तुम्ही घ्या!"

"छे छे, तुम्ही घ्या, तुमच्याकडे लहान मूल आहे."

"मोदक वेगळे येणारेत की यातच?"

"हे दोन ठेवून घेते, आमचे अजून पार्किंगमध्ये आहेत."

कुणी आग्रह करत होतं, कुणी डबा उघडून मोदक मोजत होतं, कुणी घरच्यांसाठी खुर्चीखाली साठा करत होतं. टेबलावर डब्यांचा डोंगर झाला. अध्यक्ष प्रत्येक डब्याला विचारत होते, "हा कुणाचा?" आणि उजवी बाजू उपाशी. शेवटच्या रांगेत तर वाससुद्धा पोचला नव्हता.

ओया-सान व्यासपीठावर अक्षरशः नाचत होते. "अगदी हेच! प्रत्येक राज्य आपल्यापुरतं ठेवून घ्यायचं! प्रत्येक कंपनी आपले डबे सोडायला तयार नाही! तुम्ही दक्षिण आहात! अप्रतिम दक्षिण आहात!" मी भाषांतर केलं, पण कुणी ऐकत नव्हतं. उजवीकडची पोरं रडकुंडीला आली होती, बायका चिडल्या होत्या, हसू संपत आलं होतं. "वहिनी, पुरे आता हा पोरखेळ," अध्यक्ष म्हणाले आणि माईक घ्यायला व्यासपीठाकडे निघाले. ओया-सानांनी माईक छातीशी धरला. सबंध हॉलमध्ये ते एकाच जागी बघत होते, उजवीकडच्या शेवटच्या रांगेकडे. ओकु-सान उभ्या राहिल्या होत्या. मला वाटलं, झालं. चालल्या घरी.

त्यांनी पर्स खुर्चीवर ठेवली. बाह्या वर सारल्या. दोनदा टाळी वाजवली आणि त्या ठेंगण्या देहातून असा आवाज आला की अध्यक्ष जागच्या जागी थांबले.

"रूळ जोडा!"

सगळी पोरं एकदम उठली. ओकु-सानांनी बोट दाखवलं तशी त्यांनी टेबल हटवलं, खुर्च्या ओढून मधली वाट बुजवून टाकली. डावी बाजू, उजवी बाजू, सगळं एक. हॉलचा रखवालदार दारातून "अहो, वाट!" म्हणत आत आला, त्यालाही त्यांनी ओळीत उभं केलं. "मालक कितीही असोत," त्या म्हणाल्या, "युद्ध संपेपर्यंत हुकूम एकाचा. डबा कुणी उघडायचा नाही. आधी सगळ्यात लांबच्याला. मधले लोक हात आहेत, तोंडं नाहीत!" निखिल भाषांतर करत होता आणि एकदाही चुकत नव्हता. खुर्च्यांखालचे डबेसुद्धा बाहेर आले. बघता बघता शेवटची रांग जेवायला लागली, मग तिच्या पुढची, मग तिच्या पुढची. अध्यक्षांना सगळ्यात शेवटी मिळालं.

ओया-सान माईक धरून उभेच होते. त्या जवळ आल्या तेव्हा ते माईकमधूनच म्हणाले, आणि त्यामुळे सगळ्या हॉलने ते ऐकलं, "तू ऐकत होतीस?"

"आपल्या घरात भिंती कागदाच्या आहेत," ओकु-सान म्हणाल्या. "चाळीस वर्षं कान कुठे ठेवणार?"

"मग जेवताना का उठून जायचीस?"

"कारण हा विषय निघाला की तुम्ही जेवत नाही. भात गार होतो. लग्न झालं तेव्हापासून बघतेय."

हे मी मराठीत सांगितलं तेव्हा हॉलमधल्या बायकांनी जी दाद दिली तशी मी कुठल्याही व्याख्यानाला ऐकलेली नाही.

त्यांनी नवऱ्याच्या हातातून माईक काढून घेतला, डबा त्यांच्या हातात दिला आणि त्यांना पहिल्या रांगेत, अध्यक्षांच्या शेजारी बसवलं. "तुम्ही जेवा. पुढचं मी सांगते."

आणि सांगितलं. शेवटचे दिवस. दक्षिणेचं उपाशी सैन्य माघार घेत एका स्टेशनापाशी आलं, कारण तिथे खाण्याने भरलेले डबे येणार असं त्यांना कळलं होतं. डबे होते. उघडले तर आत तोफांचा दारूगोळा. पुढच्या स्टेशनाकडे धान्याच्या गाड्या आल्या, पण त्या उत्तरेच्या हाती लागल्या. मग शरणागती. आणि ती झाल्यावर जिंकलेल्या सेनापतीने हरलेल्यांकडे आधी अन्न पाठवलं. ओकु-सान कुठे अडखळल्या नाहीत, कुठे आवाज चढवला नाही. माझ्याकडून एक शब्द चुकला नाही. पोरं डब्यात चमचे घालायचं विसरली होती.

मी पहिल्या रांगेकडे पाहिलं. ओया-सानांच्या मांडीवर डबा उघडा होता आणि मोदक तोंडाशी धरून ते तसेच बसले होते. गालावरून काय वाहत होतं ते मी सांगणार नाही, त्यांना आवडलं नसतं. त्यांच्या शेजारी अध्यक्ष स्वतःचा डबा विसरून त्यांना रुमाल देत होते.

मग एकाएकी त्यांनी मोदक तोंडात कोंबला आणि हात वर केला. तोंड भरलेलं, बोट हवेत. काहीतरी दुरुस्ती करायची होती, बहुतेक कुठल्यातरी स्टेशनाचं नाव.

ओकु-सान थांबल्या. माईक जराही दूर न करता म्हणाल्या, "आधी घास गिळा."

त्यांनी गिळला. हात खाली घेतला, पुढचा मोदक उचलला, आणि बायको पुढे बोलत राहिली.